पयलो हात

‘पयलो हात, मागीर उठप.’

आधी दुसऱ्याचा हात, मग आपण उठायचं. चहा येवो, कोणाची हाक येवो, पायाला मुंग्या येवोत, मामांचा हा नियम मोडायचा नाही. उजवा हात माउसवर, पाठ ताठ, नजर स्क्रीनवरच्या निळ्या पट्टीवर. उठायची वेळ आली की मान न वळवता हाक मारायचे, ‘बाये, हात!’ मी टायपिंग करत असले, झेरॉक्सच्या मशीनमध्ये कागद अडकलेला असला, तरी मुकाट उठून यायचं. त्यांच्या हाताखालून माझा हात आत सरकला की मगच ते आपला काढायचे.

मी काही गोड बोलणारी बाई नव्हे. ‘मामा, क्षणभर सोडलात म्हणून आभाळ कोसळणार नाही,’ असं मी त्यांना दहादा ऐकवलं असेल.

ते म्हणायचे, ‘कोसळता गो. तुका खबर ना.’

त्यांचं बोलणं मी असंच लिहिणार आहे. बाकीच्यांचं मराठीत आणता येतं, त्यांचं आणलं की ते ते राहत नाहीत.

माझं दुकान डिचोलीच्या बसस्टँडच्या मागे होतं. टायपिंग, झेरॉक्स, पत्रिका छापून देणे, आणि दोन कॉम्प्युटरांवर इंटरनेट. मी राहायचे कारापूरला. सकाळी नऊला शटर उघडायचे, संध्याकाळी सातला ओढायचे. तुमच्यापैकी ज्यांनी तो काळ पाहिलाय त्यांना सांगायला नको. फोनच्या लाइनवरून इंटरनेट यायचं. मोडेम आधी किर्र करायचा, मग खाकरायचा, मग लागला तर लागायचा. एक मोठी फाइल उतरवायची म्हणजे अख्खा दिवस जायचा. आणि पाच मिनिटं कोणी हात लावला नाही की कॉम्प्युटर झोपी जायचा. तो झोपला की लाइन तुटायची आणि फाइल पुन्हा पहिल्यापासून. ऐंशी टक्क्यांवर आलेली फाइल अशी गेली की गिऱ्हाईक माझ्याकडे असं बघायचं, जणू मीच कॉम्प्युटरला अंगाई म्हटली.

मामा पहिल्यांदा आले ते इंटरनेटसाठी नव्हे, अर्ज टाइप करून घ्यायला. पांढरा सदरा, पांढरी टोपी, काखेत छत्री, हातात कापडी पिशवी आणि तिच्यातून डोकावणारे दोन उंडे पाव. डिचोलीजवळच्या एका खाणीच्या गेटवर ते राखणदार होते, नुकतेच निवृत्त झाले होते. बायको कधीच वारली होती, मूलबाळ नव्हतं. गाव पेडण्यातलं कोरगाव, पण राहायचे इथेच, एका खोलीत.

‘अर्ज मराठींत जाय. देवळाच्या कमिटीक,’ ते म्हणाले, आणि उभ्यानेच सांगू लागले. घरात कोकणी आणि देवापुढे मराठी, ही आमच्याकडची रीत तुम्हाला ठाऊक आहेच. शब्द इतके घोटलेले होते की वाटलं, वर्षानुवर्षं मनात म्हणत असणार.

‘श्री देवाच्या अखंड सप्ताहात आमच्या घराकडे असलेला पार माझ्या चुकीमुळे काढून घेण्यात आला. त्या वेळी माझ्या हातून खंड पडला. मी गावाची क्षमा मागतो. माझा पार मला परत मिळावा, ही नम्र विनंती.’

टाइप करता करता मी थांबले. आमच्याकडे सप्ताहाच्या पहाऱ्याला पार म्हणतात. सात दिवस, सात रात्री भजन थांबवायचं नाही, समई विझू द्यायची नाही. प्रत्येक घराला नेमून दिलेले तास असतात. पुढच्या घराच्या माणसाचा टाळ वाजू लागल्याशिवाय आधीच्याने आपला खाली ठेवायचा नाही. हे मला माहीत होतं. पण खंड पाडलेला माणूस मी तोवर पाहिला नव्हता.

‘काय झालं होतं?’ मी विचारलंच. माझ्या तोंडाला कुलूप कधीच नव्हतं.

त्यांनी सांगितलं, अगदी सरळ. खाणीवर सलग दोन पाळ्या करून ते गावी गेले होते. पार त्यांच्या घराचा होता, सोबत भाऊ होता. भाऊ पहाटे तोंड धुवायला बाहेर गेला. मामा खांबाला टेकून टाळ वाजवत होते, आणि तसेच झोपले. उजाडताना अंगण झाडायला आलेल्या बाईला देऊळ गप्प असलेलं कळलं. गावच्या सप्ताहात कोणाच्या आठवणीत असं झालं नव्हतं. त्याच वर्षी काजूचा मोहर करपला, आणि गावाला कारण मिळालं.

‘गांवान तरी कितें करचें?’ मामा म्हणाले. त्यांच्या आवाजात राग नव्हता. मला मात्र गावाचा फार राग आला.

तेवढ्यात मागच्या मशीनवर बसलेली कॉलेजची मुलगी किंचाळली. ती बोलत बसली होती आणि कॉम्प्युटर झोपला होता. चार तासांची फाइल गेली.

‘हाका न्हीद कित्याक येता?’ मामांनी मला विचारलं.

मी समजावलं. हात हलता ठेवला तर झोपत नाही, थांबला की झोपतो. ते बराच वेळ त्या काळ्या स्क्रीनकडे बघत राहिले. मग छत्री कोपऱ्यात उभी केली, पिशवी खिळ्याला अडकवली आणि म्हणाले, ‘परत लाव. हांव बसतां.’

त्या दिवशी ते संध्याकाळपर्यंत बसले, आणि फाइल पूर्ण उतरली. दुसऱ्या दिवशी मी शटर उघडायच्या आधी ते पायरीवर हजर होते.

मग ते माझ्या दुकानाचेच झाले. लोक फाइल लावून द्यायचे आणि बाजारहाट करायला निघून जायचे. ‘मामा आहेत ना?’ एवढंच विचारायचे. पैसे देऊ केले तर मामांना ते अपमानासारखं वाटायचं. चहा घ्यायचे, तोही माझ्या हाताने माउस राखून. तपकीर ओढायचे ती डाव्या हाताने. शिंक यायची तेव्हा टोपी उडायची, खुर्ची मागे सरकायची, पण उजवा हात जागच्या जागी असायचा.

फाइल कसली आहे, ते कधीच विचारायचे नाहीत. ‘कसलें तें माका कित्याक?’ म्हणायचे. एका नर्सचा मस्कतच्या नोकरीचा भलामोठा फॉर्म त्यांनी असाच दिवसभर बसून उतरवला. तिला नोकरी लागली, ती बिचारी पेढे घेऊन त्यांच्या पाया पडायला आली. मामा गोंधळून म्हणाले, ‘तूं कोण गो?’ खरंच ओळखलं नाही त्यांनी. तिचा चेहरा त्यांनी पाहिलाच नव्हता, फक्त पट्टी पाहिली होती. तिच्या पाठीमागे मी पोट धरून हसले.

हसले खरी, पण दुपारी कधी गिऱ्हाईक नसताना त्यांच्याकडे बघितलं की बरं वाटायचं नाही. ओठ हलत असायचे. माउस दर थोड्या वेळाने बोटभर पुढे, बोटभर मागे व्हायचा. एका लयीत. ते भजन म्हणत होते. माझ्या दुकानात बसून कोरगावच्या देवळातला राहिलेला पार भरत होते. मी कधी तसं बोलून दाखवलं नाही.

श्रावणाच्या आधी दर वर्षी अर्ज जायचा. मी तोच जुना काढून तारीख बदलायचे. उत्तर कधी आलं नाही. मामा म्हणायचे, ‘वाचतले. केन्ना तरी वाचतले.’

आता माझी गोष्ट सांगते. टाळत होते, पण सांगायलाच हवी.

तिसऱ्या वर्षी मामा तापाने आजारी पडले. आठवडाभर खोलीतून बाहेर नाहीत. माझी पंचाईत झाली. शेवटी म्हापशाहून मशीन दुरुस्त करायला जो मेकॅनिक यायचा त्याला मी रडगाणं सांगितलं. तो हसला. ‘बाय, यात काय आहे?’ म्हणाला आणि दोन ठिकाणी क्लिक करून त्याने मशीनची झोपच काढून टाकली. पाच मिनिटांच्या जागी ‘नेव्हर’ केलं. चहासुद्धा न पिता गेला.

मामा बरे होऊन आले. गालफडं बसली होती, हाताची शीर फुगली होती. खुर्चीवर बसले, माउसवर हात ठेवला, आणि असा लांब श्वास सोडला की माझ्या तोंडातले शब्द तोंडातच राहिले. उद्या सांगू म्हटलं. उद्याचा परवा झाला.

त्यांना वाईट वाटेल म्हणून गप्प राहिले, असं म्हणायला मला आवडेल. ते अर्धंच खरं. मी दर शुक्रवारी म्हापशाच्या बाजाराला जायचे, कागद आणि शाई आणायला. माझ्यामागे दुकानात बसणारं विश्वासाचं माणूस मला फुकटात मिळालं होतं. मग दोन वर्षं तो म्हातारा जागं मशीन जागं ठेवत बसला, आणि मी रोज ते बघत राहिले. माझ्यासारखी कोडगी मीच.

अशाच एका शुक्रवारी मी म्हापशाहून दुपारच्या बसने परत आले. मामा खुर्चीत बसले होते, पण चेहरा पांढराफटक. पट्टी भरलेली होती, फाइल उतरून झाली होती.

‘काय झालं? बरं वाटत नाही?’

‘ना गो. जालें. सगळें जालें,’ म्हणाले, आणि डोळे पुसले. ताप पुन्हा येतोय असं मला वाटलं.

दुसऱ्या दिवशी ते जत्रेत मिळतं तसं गुळाचं खाजं आणि केळ्यांची फणी घेऊन आले. माझ्या टेबलावर ठेवलं, बाजूच्या शिंप्याला दिलं, बसस्टँडवरच्या कंडक्टरांनाही वाटलं. कशाचं म्हणून विचारलं तर सांगेनात. ‘कांय ना. खा,’ एवढंच. आणि त्या वर्षीच्या अर्जात त्यांनी नवी ओळ घालायला लावली: ‘आता माझ्या हातून खंड पडणार नाही, अशी माझी खात्री झालेली आहे.’ मी टाइप केली. ‘झालेली आहे’ म्हणजे कशाने झाली, हे विचारायचं मला सुचलं नाही. नको तिथे तोंड उघडणारी मी, तिथे मात्र गप्प बसले.

त्यानंतरच्या वर्षी श्रावण जवळ आला असताना एक मध्यमवयीन गृहस्थ सप्ताहाची पत्रिका छापायला आले. कोरगावच्या देवळाचे नवे सेक्रेटरी. नोकरी डिचोलीच्याच एका सरकारी कचेरीत. पत्रिकेत पारांचा तक्ता होता, कोणत्या दिवशी कोणते तास कोणत्या घराचे. मागे मामा बसले होते. सेक्रेटरींचा आवाज ऐकून त्यांनी मान खाली घातली होती, हात मात्र माउसवर होता.

मी सोडते काय! मी सुरूच झाले. ‘तुमच्याच गावचे आहेत. पाच वर्षं अर्ज टाइप करतेय मी. वाचता का कोणी? नऊ-नऊ तास हात उचलत नाहीत, सगळ्या डिचोलीला विचारा. तुमच्या कमिटीत आहे असा एक तरी?’

सेक्रेटरी ओशाळले. भले गृहस्थ होते. म्हणाले, ‘जुने लोक आता राहिले नाहीत, बाई. आम्हाला काही अडचण नाही.’ तक्त्यावर बोट फिरवत ते एका ओळीवर थांबले. तिसऱ्या दिवशी दुपारी दोन ते चार. तो पार घेणारं घर मुंबईला गेलं होतं. ‘इथे त्यांचं नाव घाला. मी कमिटीला सांगतो, माझ्यावर सोडा.’

मी मामांचं नाव त्या ओळीत टाइप केलं. मागे वळून बघितलं. मामा उभे राहिले होते, वाकून, उजवा हात तसाच माउसवर ठेवून. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि पुसायला डावा हात वर जात नव्हता, कारण त्यात टोपी धरली होती. माझ्या आयुष्यात मी केलेलं एकुलतं एक चांगलं काम, असं मला त्या घडीला वाटलं.

सेक्रेटरी कौतुकाने त्यांच्याजवळ गेले. ‘पण हा माउस का धरून बसलाय तुम्ही?’

‘न्हिदता न्हय, म्हणून,’ मामा म्हणाले.

‘अहो, त्यासाठी एवढा त्रास कशाला? आमच्या कचेरीत आम्ही ते बंदच करून टाकलंय. थांबा, दाखवतो.’ त्यांनी भरभर दोन-तीन खिडक्या उघडल्या. मी ‘राहू द्या, राहू द्या’ म्हणत पुढे धावले, पण तोवर ते हसत होते. ‘हे बघा, इथे आधीच बंद केलेलं आहे! हा झोपतच नाही. उगाच बसलाय तुम्ही, मामा.’

मामा स्क्रीनकडे बघत होते. तिथलं इंग्रजी त्यांना वाचता येत नव्हतं. मग त्यांनी माझ्याकडे बघितलं. माझ्या तोंडावर सगळं लिहिलेलं असणार.

‘कितले दीस जाले, बाये?’

‘कालच’, एवढंच म्हणायचं होतं मला. एक शब्द! पण त्यांनी असं समोर उभं राहून विचारल्यावर माझ्याने खोटं बोलवेना. ‘दोन वर्षं,’ मी म्हटलं. दोन वर्षं मी खोटं सांभाळलं आणि ज्या एका क्षणी ते बोलायला हवं होतं, तेव्हाच खरं बोलून बसले. याबद्दल मी स्वतःला अजून क्षमा केलेली नाही.

मामा खुर्चीवर बसले. मग अगदी हळू, सेक्रेटरींना नव्हे, मला सांगितल्यासारखं म्हणाले, ‘एक दीस माजो दोळो लागिल्लो. तूं म्हापशाक गेल्ली. कितलो वेळ न्हिदलों, देवाक खबर. दोळे उगडले तर हात सकयल पडिल्लो, आनी पट्टी भरिल्ली. खंड पडूंक नाशिल्लो. हांवें म्हळें, देवान सांबाळ्ळें. देवान माका माफ केलें.’

खाजं कशाचं होतं, ते मला तेव्हा कळलं. त्यांच्या जागी देवाने हात ठेवला, असं समजून म्हाताऱ्याने अख्ख्या बसस्टँडला खाजं वाटलं होतं. आणि तो हात म्हापशाच्या मेकॅनिकचा निघाला.

‘मामा, कसंही असो, पार तुमचा झाला ना आता,’ सेक्रेटरी म्हणाले. त्यांना काय झालंय ते नीट कळलंच नव्हतं.

‘माजें नांव काडात,’ मामा म्हणाले. ‘हांव परत न्हिदलों. माका जमना.’

आम्ही दोघांनी किती समजावलं. मी हात जोडले. मी म्हटलं, मेकॅनिकला बुद्धी देणारा तरी कोण, देवच ना? ते माझ्याकडे बघून हसले, लहान पोर काही बोललं की आपण हसतो तसे. मग त्यांनी खिळ्यावरची पिशवी काढली, कोपऱ्यातली छत्री घेतली आणि निघाले. फाइल उतरत होती, पट्टी अर्ध्यावर होती. माउसवर कोणाचाच हात नव्हता. त्यांनी मला हाक मारली नाही.

त्यांचं नाव मी काढलं नाही. पत्रिका तशीच छापली.

सप्ताहाच्या तिसऱ्या दिवशी दुकान बंद ठेवून मी कोरगावला गेले. डिचोलीहून म्हापसा, म्हापशाहून दुसरी बस. देवळात पोचले तेव्हा दोन वाजत आले होते. आत भजन चाललं होतं. आधीच्या घरचा माणूस टाळ वाजवत सारखा दाराकडे बघत होता. दोन वाजून गेले, सव्वादोन झाले. शेवटी सेक्रेटरी स्वतः उठले, आपला टाळ वाजवू लागले, आणि तेव्हा कुठे त्या माणसाने आपला खाली ठेवला.

मी बाहेर आले. सभामंडपाच्या बाहेर, दीपस्तंभाच्या पलीकडे, मामा पावसात छत्री धरून उभे होते. अनवाणी. डाव्या हातात छत्री होती आणि उजवा हात मांडीवर ठेका धरत होता, आतल्या टाळाबरोबर. कधीपासून उभे होते कोण जाणे. धोतर गुडघ्यापर्यंत भिजलं होतं.

‘मामा, आत चला. नाव तुमचंच आहे अजून. चला ना हो.’

‘हांगाच बरो, बाये,’ ते पायाखालच्या जमिनीकडे बघत म्हणाले. ‘हांगा न्हिदलों तरी खंड पडचो ना.’

मी रडले, त्यांचा हात धरून ओढलं. ते हलले नाहीत. चार वाजेपर्यंत मी त्यांच्या शेजारी भिजत उभी राहिले. पुढच्या घरचा टाळ आत वाजू लागला तसा त्यांचा हात मांडीवर थांबला. ‘घरा वच, काळोख जातलो,’ मला घरी पिटाळत म्हणाले आणि शेताच्या वाटेने भावाच्या घराकडे गेले. डिचोलीची खोली त्यांनी त्याआधीच सोडली होती. पुन्हा मला ते दिसले नाहीत. पुढच्या वर्षी सेक्रेटरी पत्रिका घेऊन आले तेव्हा म्हणाले, मामा शिगम्याच्या आधीच गेले. झोपेतच गेले.

ते दुकानातून उठून गेले त्याच संध्याकाळी मी मशीन परत पाच मिनिटांवर ठेवलं होतं. मेकॅनिकला फोन करून, एकेक क्लिक विचारून, माझ्या हाताने. वाटलं होतं, राग गेला की येतील, आणि आले तर त्यांना काम असलं पाहिजे. ते मशीन भंगारात जाईपर्यंत पाच मिनिटांवरच होतं. दिवसातून कितीदा तरी स्क्रीन काळा व्हायचा. गिऱ्हाइकं माझ्या नावाने खडे फोडायची, सेटिंग बदला म्हणून मलाच शिकवायची. मी जागेवरूनच ओरडायचे, ‘हात ठेवा ना जरा!’ ठेवायचे बिचारे. आणि चहा आला की तसेच उठून जायचे.